दाढेला पू झालाय, बाबा म्हणतात गोळीने सूज उतरते तर डेंटिस्ट कशाला?

मानेवाड्याची लेक
बाबांच्या खालच्या शेवटच्या दाढेपाशी हिरडी सुजली होती, गालही फुगलेला. औषधाच्या दुकानातून चिठ्ठीशिवायच अमॉक्सिसिलिन आणली, दोन दिवसांत आराम पडला तर गोळ्या बंद केल्या. आता परत तेच होऊन राहिलं, हिरडीवर फोड आलाय आणि तोंडात खारट पू येतो म्हणतात. त्यांना शुगर आहे, खर्रा (तंबाखू-सुपारी) पण चालूच. ते म्हणतात याहून स्ट्राँग गोळी आण. आणू का? काळजी वाटून राहिली.

सक्करदऱ्याची डेंटिस्ट
ताई, स्ट्राँग गोळीचं आधी डोक्यातून काढा. दाढेतली नस मेली की आतला रक्तपुरवठा बंद होतो आणि औषध तर रक्तातूनच जातं, म्हणजे जंतू जिथे बसलेत तिथे ते पोचतच नाही, आजूबाजूची सूज तेवढी उतरते. फोड फुटला की पू ला वाट मिळते, दाब कमी होतो, ठणका थांबतो आणि पेशंटला वाटतं बरं झालं. झालेलं नसतं.

आधी एक्सरे काढावा लागेल. पू मुळाच्या टोकाशी असेल तर रूट कॅनाल, नाही तर दाढ काढणे. दात आणि हिरडीच्या मधल्या फटीत साचला असेल तर तिथून पू काढून आतून साफ करतात, दाढ वाचू शकते. अँटीबायोटिक ताप असेल, सूज पसरत असेल किंवा शुगर हाताबाहेर असेल तर देतो, पण ते पू काढण्यासोबत, त्याच्याऐवजी नाही. अमेरिकन डेंटल असोसिएशनच्या २०१९ च्या गाइडलाइनमध्येही मोठ्या माणसांसाठी साधारण हेच सांगितलंय, गोळी लागलीच तर ३ ते ७ दिवस. पेनिसिलिनची ॲलर्जी आहे का, बाकी गोळ्या कोणत्या चालू, हे दुकानात कोण विचारतं?

अजनीवाला
आमच्या आईला लवंगाच्या तेलाने लई फरक पडला होता, कापसावर घेऊन लावा. आणि खर्चाची भीती असेल तर नागपुरात मेडिकलच्या, म्हणजे सरकारी मेडिकल कॉलेजच्या, आवारात शासकीय दंत महाविद्यालय आहे, सकाळी लवकर जा, गर्दी असते पण काम नीट करतात, शिकणारी पोरं असली तरी सर लोक पाहायला असतात.

मानेवाड्याची लेक
थँक्यू भाऊ. पण बाबा म्हणतात दाढ काढली की नजर कमजोर होते, शेजारच्या काकांनी सांगितलं त्यांना 😔 आणि बाहेरून गरम शेक देऊन राहिले ते, चालतं का?

सक्करदऱ्याची डेंटिस्ट
नजरेचा काही संबंध नाही, डोळ्याची नस वेगळीच. उलट पू तसाच राहिला तर शुगर आटोक्यात येत नाही, आणि शुगर वाढलेली असली की हिरडी लवकर भरत नाही, दोन्ही एकमेकांना वाढवतात. हे बाबांना समजावून सांगा, नुसतं चला म्हटलं तर ते यायचे नाहीत. लवंगाच्या तेलाने थोडा वेळ बधिर होतं, पू जात नाही. बाहेरून शेक बंद करा, कोमट मीठपाण्याच्या गुळण्या चालतील. दुखण्याची गोळी हिरडीवर दाबून ठेवतात काही लोक, ते अजिबात नको, चामडी भाजते. आणि हिरडी भरेपर्यंत तरी खर्रा बंद.

येताना शुगरचा रिपोर्ट आणि चालू गोळ्या सगळ्या घेऊन या. रक्त पातळ करायची गोळी असेल तर आपल्या मनाने थांबवू नका. जेवण आणि शुगरची गोळी वेळेवर घेऊनच या, उपाशी नको.

एक मात्र लक्षात ठेवा. सूज जबड्याखाली गळ्याकडे सरकली, तोंड उघडेना, थुंकी गिळता येईना, जीभ वर उचलल्यासारखी झाली किंवा श्वास लागला तर जिवाला धोका असतो. तेव्हा डेंटिस्टच्या अपॉइंटमेंटमागे लागू नका, रात्र असली तरी सरळ मेडिकलच्या कॅज्युअल्टीत न्या.