शब्दचर्चा : ‘अंगात भिनणे’ चालेल का?

जपानच्या ‘बुतो’ या नृत्यप्रकारावरच्या एका लेखाचं भाषांतर करतेय. त्यात ‘एम्बॉडीड प्रॅक्टिस’, म्हणजे शरीरात उतरलेला, शरीरातूनच होणारा सराव, पानोपानी आहे. ‘देहाधिष्ठित सराव’ लिहून पाहिलं, ‘मूर्त साधना’ही. वाचताना शरीर कुठेच जाणवत नाही. काय लिहावं?

— ‘अंगवळणी पडलेली कला’? ‘अंग’ घेऊन आपल्याकडे कितीतरी आहे : अंगी बाणणं, अंगात येणं…

— अंगवळणी नको, ताई. अंगवळणी पडलेलं आपण नकळत करतो; भाकरी थापणं, सायकल चालवणं. बुतोचा जनक तात्सुमी हिजिकाता याने १९५९ साली टोकियोत पहिला प्रयोग केला तो शरीराचं हे वळण मोडायला. ‘अंगात येणं’ही नको, त्यात ताबा सुटतो. हिजिकाता तर हालचाली शब्दचित्रांतून बांधून द्यायचा. त्याला ‘बुतो-फू’ म्हणतात. एक किड्यांचं आहे : उजव्या हातावर किडा चढतोय, दुसरा मानेवरून पाठीवर उतरतोय, मग आणखी, मग शेकडो. किड्यांचा अभिनय करायचा नाही. ते वाढतात तशी कातडी बदलते, आणि मग हात हलतो. बाहेरचं काही आत शिरून रोमरोमी पसरणं, याला आपण ‘भिनणं’ म्हणतो. सूर भिनतो, थंडी हाडांत भिनते. माझं मत ‘भिनणे’ला.

— विषही भिनतं. तो वास शब्दाला आहेच.

— असू दे की. हिजिकाताने नावच दिलं ‘अंकोकु बुतो’, अंकोकु म्हणजे काळोख. तिथे गोड शब्द शोभणार नाही.

— ‘बुतो’ची फोड बघा : ‘बु’ नाच, ‘तो’ पाय टाकणं, तुडवणं. याला ‘पदन्यास’ लिहू नका, कळकळीने सांगतो. आमच्या कोकणात चिखलणी झालेल्या खाचरात भातलावणीला उतरलं की पाय पोटरीपर्यंत रुततो. गुडघे वाकवून, कंबरेत तोल धरून एकेक पाऊल उपसावं लागतं. बुतोतले वाकलेले गुडघे पाहिले तेव्हा मला ते खाचरच दिसलं. हिजिकाता उत्तर जपानातल्या अकिताचा, तोही भाताचा मुलूख. ‘तुडवणं’च ठेवा.

— आणि ‘प्रॅक्टिस’ला ‘तालीम’. नाटकाचीही असते, पैलवानाचीही. ‘साधना’ म्हटलं की डोळे मिटतात.

— ‘अंगात भिनवायची तालीम’. वाचून पाहिलं, बसतंय. पण हिजिकाताच्या जोडीचे बुतो नर्तक काझुओ ओनो, त्यांच्या परिच्छेदात अडलेय. पायांत बळ उरलं नाही तेव्हा ते खुर्चीत बसून नुसत्या हातांनी नाचत. २०१० साली गेले, १०३ वर्षांचे होऊन. तिथे ‘भिनलेलं’ कमी पडतं.

— तिथे ‘मुरलेलं’ लिहा. भिनतं ते लवकर, मुरायला वर्षं लागतात. ला आर्खेंतिना या स्पॅनिश नर्तकीला ओनोंनी १९२९ साली पाहिलं, आणि तिच्यावरचं नृत्य केलं ते १९७७ साली.