मदत हवी आहे: जंगलात हरवलेल्या चार मित्रांची विनोदी फिल्म करतोय, पण रात्र आणि बिबट्या दोन्ही आणायचे कुठून?

नमस्कार मंडळी,

मदतीचा धागा पहिल्यांदाच काढतेय, थोडा लांबेल, पण गोष्ट सांगितल्याशिवाय प्रश्न कळणार नाहीत.

आम्ही चौघं कॉलेजात एकांकिका करायचो. आता सगळे नोकरीला लागलो, दोघं ठाण्यात, एक डोंबिवलीला, मी मुलुंडला. गेल्या दिवाळीत भेटलो तेव्हा ठरलं की चाळीसेक मिनिटांची फिल्म करायचीच, आता नाही केली तर राहूनच जाईल. पैसे आमचेच, चौघांचे मिळून १ लाख ८० हजार जमलेत, कॅमेरा मित्राचा आहे, शूटिंग फक्त शनिवार-रविवारी.

गोष्ट अशी आहे. चार जुने मित्र मुंबईच्या नॅशनल पार्कमधल्या कान्हेरीला फिरायला जातात, लेण्यांपाशी माकड एकाची सॅक पळवतं आणि त्या सॅकमध्ये त्याच्या उद्याच्या साखरपुड्याची अंगठी असते. सॅकच्या मागे पळता पळता वाट सुटते, अंधार पडतो, मोबाइलला रेंज नाही, खायला चौघांत मिळून बिस्किटांचा एक अर्धा पुडा. कुठूनही निघाले तरी फिरून त्याच कुड्याच्या झाडापाशी येतात, म्हणजे चकवा लागतो. माझी आजी सांगायची की चकवा लागला की खाली बसायचं, उजाडेपर्यंत हलायचं नाही. मी शोधलं तर २००९ मध्ये जर्मनीत खरंच एक प्रयोग झालाय, माणसांना जीपीएस लावून जंगलात सरळ चालायला सांगितलं, तर ऊन होतं तेव्हा ती बऱ्यापैकी सरळ गेली आणि ढगाळ होतं तेव्हा गोल गोल फिरत राहिली, स्वतःचीच वाट ओलांडली तरी त्यांना कळलं नाही. आजीचं ऐकून बसून राहिलं असतं तर निदान आणखी आत तरी गेली नसती. माझी चौघं अर्थात बसत नाहीत, भांडत चालत राहतात.

आणि आता ज्या सीनसाठी मी ही फिल्म करतेय तो. बिबट्याचा आवाज सिनेमात दाखवतात तसा डरकाळीचा नसतो, कोणीतरी करवतीने लाकूड कापतंय असा येतो, खर्र-खर्र, एकदा पुढे एकदा मागे. माझी चौघं तो ऐकतात आणि हरखून जातात, अरे माणूस आहे, लाकूड कापतंय कोणीतरी, चला! आणि हाका मारत त्याच दिशेने निघतात. ज्या प्रेक्षकाला आवाज माहितेय तो खुर्चीत आवळून बसेल आणि ज्याला माहीत नाही त्याला पुढच्या दोन मिनिटांत कळेल.

आता प्रश्न.

पहिला जागेचा. खरं नॅशनल पार्कमध्येच करायचं मनात होतं. आमच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून ते डोंगर दिसतात, लहानपणापासून बघतेय. १०४ चौरस किलोमीटरचं जंगल, आत तुळशी आणि विहार तलाव, आणि चहूबाजूंनी शहर, अशी जागा दुसरीकडे कुठे मिळणार? पण १९७२ च्या वन्यजीव कायद्यात परवानगी लागतेच, २०२२ च्या दुरुस्तीत तर फिल्म करण्याचा स्पष्ट उल्लेख आलाय, की अधिवासात काही बदल न करता आणि प्राण्यांना त्रास न देता. शिवाय रात्री आत कोणी सोडणार नाही आणि सोडूही नये. जाहिरातींत काम करणारा एक ओळखीचा म्हणाला कॅमेरा छोटा आहे ना, मग पिकनिकला आलोय सांगा आणि उरका. मला तसं अजिबात करायचं नाही. त्या जंगलावर प्रेम आहे म्हणून फिल्म करायची आणि तिथेच चोरून शिरायचं, हे मला जमणार नाही. तर मुंबईच्या आसपास जंगल वाटेल अशी, या पैशात बसणारी जागा कुठे मिळेल?

दुसरा, रात्र. फिल्ममधला अर्ध्याहून जास्त वेळ रात्रीचा आहे आणि आमच्याकडे मोठे लाइट, जनरेटर काही नाही. दिवसा शूट करून रात्र दाखवतात ते साध्या कॅमेऱ्यावर नीट होतं का?

तिसरा माझ्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाचा. हसू कुठे थांबवायचं? पटकथेचं वाचन केलं तेव्हा लोक पहिली पंधरा पानं खूप हसले आणि नंतर बिबट्या आला तरी हसतच राहिले, कोणाला भीती वाटलीच नाही. मला दोन्ही हवंय. पण बिबट्याला राक्षस करायचं नाही, तो कोणावर झडप घालत नाही, कोणी मरत नाही. पार्क आणि आसपासच्या परिसरात कॅमेरा ट्रॅपच्या (प्राणी समोरून गेला की आपोआप फोटो काढणारे कॅमेरे) मोजणीत २०१५ ला ३५ बिबटे होते, २०२४ ला ५४. इतके बिबटे आपल्या भिंतीला लागून राहतात आणि आपण रोज सकाळी लोकल पकडतो, मला हे दाखवायचंय.

(प्राणी कोणताच खरा वापरणार नाही. एकाने पाळलेलं माकड मिळवून देतो सांगितलं होतं, त्याला लगेच नाही म्हटलं, माकडांकडून असे खेळ करून घ्यायला १९९८ पासून बंदी आहे. माकडाच्या सीनमध्ये फक्त सॅक ओढली जाते आणि वर फांदी हलते.)

जाणकारांनी कृपया सांगा.

प्रतिसाद

रात्रीबद्दल सांगतो, तीन लघुपटांचा कॅमेरा केलाय. दिवसाची रात्र होते, पण नियम पाळले तर. आकाश फ्रेममध्ये अजिबात येऊ द्यायचं नाही, ते उजळ दिसलं की सगळं फसलं. सूर्य नटांच्या मागे ठेवायचा म्हणजे केसांवर, खांद्यांवर जी कड येते ती चांदण्यासारखी वाटते. एक्स्पोजर, म्हणजे कॅमेऱ्यात येणारा उजेड, दीड-दोन स्टॉप खाली, व्हाइट बॅलन्स ३२०० केल्विनच्या आसपास म्हणजे निळसर होईल, उरलेलं एडिटला. दाट झाडी असेल तर काम सोपं.

पण तुमची खरी अडचण वेगळी आहे. चौघांकडे मोबाइल आहेत ना? दिवसाउजेडी मोबाइलच्या टॉर्चचा झोत दिसतच नाही, आणि अंधारात हरवलेली माणसं टॉर्च लावत नाहीत हे कोणाला पटणार? त्यामुळे टॉर्चचे सगळे सीन कातरवेळी घ्या, सूर्य मावळल्यावर वीसेक मिनिटं मिळतात, आधी तालीम करून ठेवा. आणि पटकथेत बॅटऱ्या लवकर संपवा.

प्रतिसाद

बॅटऱ्यांचं अगदी बरोबर. मी बरीच वर्षं पार्कात पक्षी बघायला जाते, बिबट्याबद्दल बोलते.

करवतीचा सीन वाचून अंगावर काटा आला, पण त्यात एक भोक आहे. रात्री आठ वाजता नॅशनल पार्कात लाकूड कोण कापणार? तिथे तो गुन्हा आहे. तेव्हा तुमच्या चौघांपैकी एकाला हे सुचलंच पाहिजे, की अरे हे चोर असतील, जाऊ नका. मग भांडण लावा, चोरांकडे मदत मागायची का नाही, अंगठी आधीच गेलीय आता घड्याळं जातील वगैरे. चोर आहेत की नाहीत यावर चौघं हमरीतुमरीवर येतात आणि तो आवाज मागे चालूच आहे, सीन आणखी रंगेल.

आता तुमचा तिसरा प्रश्न. बिबट्या असा आवाज काढतो तो आपली हद्द सांगायला किंवा जोडीदाराला बोलवायला. शिकार करताना तो गप्प असतो. म्हणजे आवाज येतोय तोवर तो कुठे आहे ते कळतंय. आवाज थांबला की कळत नाही. तुमचं हसू तिथे थांबवा. चौघं भांडतायत, मागे खर्र-खर्र चालू आहे, आणि भांडणाच्या मधेच ते बंद होतं. चौघंही गप्प. मग लांबून चितळाची किंवा वानराची इशाऱ्याची हाक, नंतर तीच हाक जवळून. बिबट्या दाखवूही नका, जंगल बोलतंय तेवढ्यावरून तो येतोय हे कळेल.

त्यानंतर चौघांनी काय करायचं तेही खरं ठेवा. पळायचं नाही, वाकायचं किंवा उकिडवं बसायचं नाही, एकत्र उभं राहून मोठ्याने बोलत सावकाश मागे सरकायचं. घाबरलेल्या चार माणसांनी एकमेकांना धरून मोठ्याने बोलत राहायचं म्हटलं तर ती काय बोलतील? तिथे हसू परत येईल, आणि या वेळी भीतीसकट येईल.

धागाकर्ती

दोघांचेही मनापासून आभार. आवाज थांबवायचं मला सुचलंच नव्हतं, मी तो वाढवत वाढवत नेत होते. काल रात्री बसून ती चार पानं परत लिहिली. सीन असा झालाय: चौघं पाठीला पाठ लावून उभी आहेत आणि कोणाला काही सुचेना म्हणून पंधरा वर्षांपूर्वीच्या एकांकिकेतले संवाद म्हणायला लागतात, विसरलेलं एकमेकांना आठवून देत, आणि तसेच मागे मागे सरकतात. लिहिताना मलाच रडू आलं.

शेवट विचारायचाय. चालत चालत त्यांना शेंदूर लावलेला दगड दिसतो, वाघोबा, आणि जवळ पाडा आहे हे कळतं. पाड्यावरची एक आजी त्यांना घरात घेते. हे ठीक वाटतं का?

प्रतिसाद

वाघोबा जरूर ठेवा, वारली लोक वाघाला देव मानतात, वाघबारसेला पूजतात, तुमच्या विषयाशी ते घट्ट बसतं. पण आजी मशाल घेऊन, गूढ बोलत येणार असेल तर कृपया नको. पार्कातल्या आणि त्याला लागून असलेल्या आरेतल्या पाड्यांवरची माणसं याच शहरात कामाला जातात, पोरं शाळा-कॉलेजात आहेत. आजी मालिका बघत बसलेली असू दे आणि एवढ्या रात्री आत कशाला गेलात म्हणून चौघांना झापू दे. लिहून झालं की पाड्यावर जाऊन वाचून दाखवा, ते सांगतील काय चुकलं.

जागेचं म्हणाल तर मुरबाड, शहापूर, कर्जतकडे खाजगी वाड्या आहेत, मागे झाडी असलेली. मालकाची लेखी परवानगी घ्या, ग्रामपंचायतीला कळवा, शेजारी वनखात्याची हद्द असेल तर ती ओलांडू नका. जुलै-ऑगस्टमध्ये करू नका, पाऊस कॅमेऱ्याला आणि वेळापत्रकाला दोन्हीला उभं राहू देणार नाही. सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरचा पहिला आठवडा बघा, हिरवं तसंच असतं. आणि तिथली रात्रीची शांतता वेगळी पाच मिनिटं रेकॉर्ड करून आणा, रातवा, रातकिडे, सगळं, डबिंगच्या वेळी त्याशिवाय जंगल उभंच राहत नाही.

धागाकर्ती

आजीचं एकदम पटलं, बदलतेय. आरेतल्या एका पाड्यावर आमच्यातल्या एकाच्या ओळखीचे काका राहतात, त्यांना फोन केला, रविवारी या म्हणाले, पानं घेऊन जातोय. मुरबाडला पुढच्या शनिवारी दोन वाड्या बघायच्यात.

आता एकच राहिलं. बिबट्याचा आवाज आम्ही खऱ्या करवतीवरूनच करणार आहोत. घरातली छोटी करवत लावून बघितली, आवाज फार बारीक येतो. वखारीत असायची तशी मोठी, दोघांनी दोन्ही बाजूंनी धरून ओढायची करवत कोणाकडे असेल किंवा कुठे बघितली असेल तर प्लीज कळवा. एका दिवसासाठी हवीय, मी स्वतः येऊन नेईन आणि दुसऱ्या दिवशी परत आणून देईन.