गाडी गंजू दे, पण आदेशाचं काय?
"वाळूचोराची गाडी तहसीलच्या आवारात गंजू दे" असं काही जण म्हणतात, ते मला पटत नाही. दंड वसूल व्हायलाच हवा, पंचगंगा नदी आपलीच आहे. पण जमीन महसूल संहितेच्या कलम 48(8) प्रमाणे जप्त वाहन 48 तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी नेमलेल्या उपजिल्हाधिकाऱ्यांपुढे हजर करायचं असतं. दंड आणि जातमुचलका (मालकाचं लेखी हमीपत्र) घेऊन ते सोडताही येतं. सोडा नाहीतर सरकारजमा करा, पण लेखी आदेश काढा की! आदेशच नसेल तर माणूस अपील कशावर करणार?

अशा वेळी रिटसाठी, म्हणजे सरकारी अधिकाऱ्याला आदेश द्या अशा उच्च न्यायालयातल्या अर्जासाठी, पूर्वी मुंबई गाठावी लागायची, साध्या ट्रॅक्टरवाल्याला ते झेपायचं नाही. ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (मुख्य ठिकाणाबाहेर बसणारं न्यायपीठ) कोल्हापुरातच आहे. 'ठरावीक मुदतीत निर्णय द्या' एवढी मागणी तरी तिथे करता येते.