सगळ्या वयांना एकच कपाट: पुस्तकं निवडायचे अनुभव लिहा

पानखूण
पलीकडच्या धाग्यात जाड पुठ्ठ्याच्या पुस्तकांचा विषय निघाला आणि घरातलं जुनं सामायिक कपाट आठवलं. तान्ह्या बाळापासून आजीपर्यंत सगळ्यांना पुरेल असा संच कसा जमवायचा, हे इथल्या बऱ्याच जणांना पक्कं माहीत आहे, म्हणून हा धागा. नावांच्या याद्या नकोत, त्या सगळीकडे मिळतात. पुस्तक हातात घेतल्यावर तुम्ही काय बघता ते लिहा.

माझ्यापासून सुरुवात. विषयाच्याही आधी बांधणी. पुस्तक मिटून कण्याकडे वरून बघायचं. पानांचे दुमडलेले जुडगे वेगवेगळे दिसले आणि जुडग्याच्या मधोमध दोरा असला, तर शिवण आहे. सगळी पानं सपाट कापून नुसत्या डिंकावर बसवली असतील तर पुस्तक पुरतं उलगडल्यावर कण्यातला थर तडकतो आणि मधली पानं आधी सुटतात. रोज उघडलं जाणारं ते शिवलेलं घ्या: शब्दकोश, चित्रकोश, मुलांच्या आवडत्या गोष्टी. एकदा वाचून ठेवायची कादंबरी डिंकाची चालते.

दुडूदुडू
तान्ह्यांचं लिहिते, बाळ उठायच्या आत. पहिले काही महिने नजर साधारण २० ते ३० सेंमीवर नीट बसते, म्हणून ठळक काळी-पांढरी, एका पानावर एकच चित्र. फिकट रंगांची नाजूक चित्रं मोठ्यांना आवडतात, बाळाला दिसत नाहीत. कोपरे गोल हवेत. कोपऱ्यावर नख लावून बघा, पुठ्ठ्याचे थर सुटायला लागले तर ते पुस्तक चघळण्यात टिकणार नाही.

आणि आवाज करणारी पुस्तकं!! आत बटणासारखा चपटा सेल असतो. त्याचं झाकण स्क्रूने बंद होणारं नसेल तर ते पुस्तक घरात आणूच नका. गिळलेला सेल अन्ननलिकेत अडकला तर दोन तासांत आतून गंभीर भाजू शकतं. तशी शंका आली तरी वाट न बघता थेट दवाखाना.

शाईपेन
+१, सेलचं सगळ्यांना सांगा.

काना_मात्रा
नुकतं वाचायला लागलेल्यांसाठी अक्षर १६ ते १८ पॉइंट. पण नुसता आकार बघून फसायला होतं. दोन ओळींतलं अंतर कमी असेल तर वरच्या ओळीचे उकार खालच्या ओळीच्या वेलांटी-रफारांना भिडतात, आणि मूल नेमकं तिथेच अडखळतं. सुरुवातीला जोडाक्षरं नसलेली किंवा अगदी मोजकी असलेली पुस्तकं, मग हळूहळू वाढवत न्यायची. शब्द ओळीच्या शेवटी तोडलेला नसावा.

पाच बोटांची चाचणी सोपी आहे: मधलं कुठलंही पान उघडा, अडलेल्या प्रत्येक शब्दाला एक बोट. एखादं बोट म्हणजे सोपं, दोन-तीन म्हणजे बरोबर, पाच झाली तर सध्या कठीण. फक्त ही चाचणी मूल स्वतः वाचणार असेल तेव्हाच. आपण वाचून दाखवणार असू तर खुशाल दोन-तीन वर्षं पुढचं घ्या. या वयात ऐकून जितकं समजतं तितकं वाचून समजत नाही.

उंबरठा
किशोरवयाबद्दल कुणीच लिहीत नाही, आणि कपाटं रिकामी राहतात ती इथेच! मुलांना आपल्याहून दोन-तीन वर्षांनी मोठा नायक किंवा नायिका आवडते, म्हणून १२ वर्षांच्या मुलीला १४-१५ ची नायिका द्या. आपल्याच वयाची दिली की 'लहान मुलांचं' म्हणून बाजूला जातं. पुस्तक योग्य आहे का बघायला पहिलं प्रकरण वाचून उपयोग नाही, अवघड प्रसंग मधल्या भागात असतात, तो चाळा. मालिका असेल तर पहिले दोन भाग एकदम ठेवा. पहिला संपला आणि दुसरा हाताशी नसला की वाचन तिथेच तुटतं.

चित्रकथांना कमी लेखू नका. चौकटींमधलं सुटलेलं वाचकाला स्वतः जोडावं लागतं. नुसता मजकूर बघून दमणाऱ्या मुलांसाठी तर हमखास.

शाईपेन
अवांतर: जुन्या पुस्तकांत कसर लागलीय, चंदेरी, सरपटणारी. डांबराच्या गोळ्या ठेवू का?

जुनापुराणा
शाईपेन, मुलं हात लावतात त्या कपाटात गोळ्या अजिबात नकोत, वास पानांत मुरतो आणि वाफही अपायकारक. कसरीचं मूळ दमटपणा. कपाट भिंतीपासून चार बोटं पुढे ओढा, पुस्तकं घट्ट कोंबू नका. लागलेली पुस्तकं प्लास्टिकच्या पिशवीत हवा काढून नीट बंद करा, उणे १८ अंशाच्या डीप फ्रीझरमध्ये दोन आठवडे ठेवा. बाहेर काढल्यावर पिशवी लगेच उघडायची नाही, एक दिवस थांबा, नाहीतर थंड पानांवर पाणी धरतं.

आणि फाटलेल्या पानाला पारदर्शक चिकटपट्टी लावू नये, डिंक पिवळा पडून कागदात उतरतो. पातळ जपानी कागद आणि गव्हाच्या स्टार्चची खळ.

शाईपेन
बापरे, दोन आठवडे! आजच लावते कामाला. धन्यवाद _/\_

काना_मात्रा
वाखु (वाचनखूण) साठवली.

सावकाश
मोठ्यांचं राहिलं. ज्येष्ठांना १६ पॉइंटच्या वरचं अक्षर, मंद पिवळसर आणि न चमकणारा कागद. गुळगुळीत कागदावर दिव्याचा उजेड परावर्तित होतो, ओळ सापडत नाही. हजार पानांचा ग्रंथ एका खंडात घेऊ नका, झोपून वाचणाऱ्याचं मनगट दुखतं. दोन खंडांत निघाला असेल तर तो. ई-पुस्तक घेताना स्कॅन केलेली पीडीएफ टाळा. त्यात अक्षर मोठं केलं की ओळ पडद्याबाहेर जाते, ईपब या ई-पुस्तकाच्या फाइल-प्रकारात ओळी नव्याने जुळतात.

अनुवादित पुस्तकात अनुवादकाचं नाव आहे का आणि 'संक्षिप्त' असं बारीक अक्षरात लिहिलंय का, हे शीर्षकपानाच्या मागे बघा. आवृत्ती आणि पुनर्मुद्रणही तिथेच कळतं. नियमावली, आरोग्य, संगणक यांत मजकूर सुधारलेली नवी आवृत्तीच घ्या, कथा-कवितांचं जुनं पुनर्मुद्रण चालतं.

दुडूदुडू
कपाटात कोणतं कुठे ठेवता? बाळ उठलं, नंतर येते.

पानखूण
दुडूदुडू, सगळ्यात खालच्या फळीवर तान्ह्यांची, कणा नाही तर मुखपृष्ठ समोर दिसेल अशी. वाचता न येणारं मूल चित्रावरूनच पुस्तक निवडतं. जागा कमी असेल तर आठ-दहाच समोर ठेवा आणि दर आठवड्याला बदला. कपाट भिंतीला पट्टीने बांधलेलं हवं, मुलं फळ्यांवर चढतात.