'बर्खास्त', 'बडतर्फ' आणि 'अनुकंपा भत्ता' : नेमका अर्थ काय?

कोथरूडहून प्रश्न

आमच्या सोसायटीतल्या एक काकू परवा एक कागद घेऊन आल्या. काका केंद्र सरकारच्या एका कार्यालयात होते. खातेनिहाय चौकशी झाली आणि नोकरी गेली. आदेश हिंदीत आहे, त्यात 'बर्खास्त' असा शब्द आहे. काकू म्हणाल्या, "बरखास्त तर सभा होते ना रे, माणूस कसा होईल?" खाली एका ओळीत 'अनुकंपा भत्ता' आलंय. त्याखाली काकूंनी पेन्सिलीनं रेघ मारून बाजूला लिहिलंय : 'मुलाची नोकरी?' मला काही सांगता आलं नाही. जाणकारांनी सांगावं.

सदाशिव पेठेतून

काकूंची शंका रास्त आहे. फारसीत 'बरखास्त' म्हणजे उठणं. लोक उठले की सभा संपते, म्हणून मराठीत सभा, मंडळ किंवा विधानसभा बरखास्त होते. हिंदीनं तोच शब्द नोकरीवरून उठवण्यासाठी घेतला. आपल्याकडे त्या जागी 'बडतर्फ' बसला. तोही फारसीतूनच आला : बर-तरफ, म्हणजे बाजूला सारलेला. 'च्या तर्फे' म्हणतो त्यातली 'तर्फ' तीच. मधल्या 'र'चा 'ड' कधी झाला कोण जाणे, पण त्या 'ड'मुळे शब्दाला चांगलाच दणका आलाय.

जाता जाता एक गंमत. 'सस्पेंड' आणि 'पेन्शन' हे दोन्ही शब्द एकाच लॅटिन धातूवरून आले आहेत : टांगणं आणि तोलणं. 'निलंबना'तही लोंबणं आहेच.

धनकवडीहून

मी सरकारी कार्यालयाच्या आस्थापना शाखेत, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या सेवेचे कागद बघणाऱ्या शाखेत, आयुष्य काढलं, म्हणून जरा लांब लिहितो.

केंद्रीय कर्मचाऱ्यांसाठीच्या १९६५ च्या शिस्तविषयक नियमांत मोठ्या शिक्षांची उतरंड आहे. शेवटच्या तीन पायऱ्या : सक्तीची निवृत्ती, सेवेतून काढून टाकणे आणि बडतर्फी. बोलताना आपण तिन्हींना 'घरी बसवलं' म्हणतो, पण कागदावर फरक मोठा. सक्तीच्या निवृत्तीत पेन्शन राहतं. ते दोन तृतीयांशापासून पूर्णापर्यंत कितीही मंजूर होऊ शकतं. 'काढून टाकलं' असेल तर पुन्हा सरकारी नोकरीचं दार उघडं राहतं, बडतर्फ झाला की सहसा तेही बंद. पेन्शनच्या बाबतीत मात्र या दोन्हींत मागची सेवाच रद्द धरतात. आमच्या शाखेत त्याला 'सर्व्हिस गेली' म्हणायचे. पेन्शन गेलं, ग्रॅच्युइटीही गेली. भविष्य निर्वाह निधी मात्र त्यांचा स्वतःचा साठवलेला पैसा, तो मिळतो.

आता तो 'अनुकंपा भत्ता'. घोटाळा इथंच होतो. 'अनुकंपा' म्हटलं की लोकांना वडील नोकरीत असताना गेल्यावर मुलाला मिळणारी नोकरीच आठवते. या भत्त्याचा तिच्याशी काही संबंध नाही. २००४ पूर्वी लागलेल्यांना पेन्शनचे जे नियम आहेत, त्यांतल्या नियम ४१ खाली, प्रकरण खास विचार करण्याजोगं असेल तर, पेन्शन किंवा ग्रॅच्युइटी किंवा दोन्हींच्या दोन तृतीयांशापर्यंत रक्कम मंजूर करता येते. तिला भत्ता म्हणतात एवढंच. महागाई भत्त्याच्या रांगेत बसवू नका.

प्रकरण 'खास' कधी? सर्वोच्च न्यायालयानं २०१४ मध्ये दिल्ली पोलिसांतल्या एका शिपायाच्या प्रकरणात कसोट्या सांगितल्या आहेत. कृत्य नैतिक अधःपतनाचं होतं का, खात्याशी अप्रामाणिकपणा होता का, स्वतःच्या फायद्यासाठी होतं का, दुसऱ्याचं नुकसान करायला होतं का, हे बघायचं. त्या शिपायाची नोकरी गैरहजेरीमुळे गेली होती. पैसे खाणं वेगळं आणि न सांगता गैरहजर राहणं वेगळं.

काकूंना एक गोष्ट नीट सांगा. हा भत्ता काकांना मिळतो, काकूंना नाही. पण काका तो घेत असताना गेले, तर काकूंना कुटुंब निवृत्तिवेतन लागू होतं. भत्ता मंजूरच झाला नसेल तर काकूंच्या हाती त्यातलं काही येत नाही. म्हणजे काकूंचं म्हातारपण काकांच्या एका अर्जावर आहे.

कोथरूडहून

काकांशी बोललो. आरोप गैरहजेरीचाच आहे. पण ते अर्ज करायला तयार नाहीत. म्हणतात, "दया मागणार नाही."

सदाशिव पेठेतून

दया वरून खाली येते. अनुकंपा म्हणजे अनु + कंप, दुसरा थरथरला की त्याच्यामागोमाग आपणही थरथरणं. शब्द हलका नाहीये हो.

धनकवडीहून

व्युत्पत्तीनं काका ऐकायचे नाहीत. अर्जाच्या विषयात 'नियम ४१ नुसार विचार होण्याबाबत' एवढंच लिहा, 'अनुकंपा' शब्द घालूच नका. खाली सेवेची वर्षं, घरात कोण आहे, कुणाचं काय दुखणं आहे. सोबत आदेशाची प्रत, आणि आवक शिक्का मारलेली पोच घेतल्याशिवाय खिडकीवरून हलू नका.

कोथरूडहून

सोमवारी जातोय. काकूंनी 'मुलाची नोकरी?' खोडून तिथं '४१' लिहिलंय.