नव्या कॉम्प्युटरवर गेमचं सेव्ह नेलंय का कोणी? (खान्देशी अनुभव धागा)

कांदेबाग
विंडोज 10 चे अपडेट 14 ऑक्टोबर 2025 ला बंद झाले, जुना लॅपटॉप 11 घ्यायला तयार नाही, म्हणून शेवटी नवा घेतला. फोटो आले, रिटर्न आले, सातबाऱ्याच्या पीडीएफ आल्या. लेकीचा प्रश्न एकच, "माझं शेत आलं का?"

स्टारड्यू व्हॅली हा शेतीचा गेम खेळते ती. स्टीमवर (गेमचं ऑनलाइन दुकान) घेतलेला असता तर क्लाउडमधून आपोआप आलं असतं, आमचा तसा नाही. मग रन उघडून दोन टक्क्यांच्या चिन्हांमधे (%) अ‍ॅपडेटा लिहिलं, त्यात स्टारड्यूव्हॅली, त्यात सेव्हज. शेतकऱ्याच्या नावाचं आख्खं फोल्डर उचललं आणि नव्या लॅपटॉपवर त्याच जागी टाकलं. आतली एकच फाइल उचलू नका, दोन्ही लागतात. शेत उघडलं, गाई जागेवर, विहीर जागेवर.

आप्पा चोपड्याहून आलेत, शेजारी बसून बघत होते. नात म्हणाली, आजोबा हे बघा केळीचं झाड, 28 दिवसांत मोठं होतं, मग रोज एक केळं देतं. आप्पांची हयात केळीच्या मृगबाग नि कांदेबागेत गेली. म्हणाले, "28 दिवस? मंग मी बी तठेच बाग लावस." घड येत नाही, सुटं केळं येतं, हे काही त्यांना पटलं नाही. व्यापारी भाव कसा करत असेल म्हणे.

हे करता करता आमचा सायबर कॅफे आठवला, एकाच मशीनवर निम्मं गाव खेळायचं तो. म्हणून धागा काढला. सेव्ह वाचवल्याचं, हरवल्याचं, कोणाचं तरी सांभाळून ठेवल्याचं, काहीही लिहा.

भुसावळ_प्लॅटफॉर्म_3
जीटीए व्हाइस सिटी. सेव्हला आठच स्लॉट आणि कॅफेत पोरं किमान पन्नास. आज तुम्ही गुलाबी कॅसेटवर जाऊन सेव्ह करायचं, उद्या त्याच स्लॉटवर तिसऱ्याच कोणाचं मिशन. भांडणं व्हायची, एकदा चप्पल पण निघाली.

मग आमच्यातल्या एकाला कळलं की सेव्ह माय डॉक्युमेंट्समधे यूजर फाइल्स नावाच्या फोल्डरमधे असतं नि एक फाइल जेमतेम 200 केबीची. फ्लॉपीत 1.44 एमबी मावतं. म्हणजे एका फ्लॉपीत सहा-सात सेव्ह आरामात. तेव्हापासून तो रुबाबात खिशात फ्लॉपी घेऊन यायचा. खेळायच्या आधी स्लॉट 8 वर आपलं टाकायचं, उठताना परत काढून घ्यायचं. कॅफेवाल्याला वाटायचं पोरगा प्रोजेक्ट करतोय.

रावेरची_सून
प्रोजेक्ट 😂😂 आमच्याकडे सगळेच प्रोजेक्ट करायचे

धुळे_पांझरा
तुमचं नशीब की सेव्ह तरी होतं. आम्ही आयजीआय खेळायचो. मिशनच्या मधे सेव्हच नाही. मिशन संपलं तर संपलं, नाहीतर पहिल्यापासून. आणि धुळ्यात तेव्हा भारनियमन. शिडी चढलो, कॅमेरे बंद केले, अलार्म वाजू दिला नाही, शेवटच्या दाराशी पोहोचलो, की पंखा थांबायचा. खालून आजी, "लाइट गयी का रे?" आजे, लाइट नाही, मी गयो.

वीज कधी जाते त्याचं वेळापत्रक पेपरात यायचं, आम्ही ते गेमसाठी वाचायचो.

रावेरची_सून
@धुळे_पांझरा माझे मामा दीपनगरच्या वीज केंद्राच्या कॉलनीत होते, तिथे लाइट क्वचित जायची. मे महिन्यात आम्ही सगळी भावंडं तिकडे पडीक. मामीला वाटायचं भाचे किती प्रेमळ.

ताप्ती_टायपिंग
सेव्हबद्दल नाही पण जवळचंच आहे. माझे वडील, निवृत्त शिक्षक, पाचोरा. गेम एकच, पत्त्यांचा फ्रीसेल. विंडोज एक्सपीवर.

घरचा कॉम्प्युटर बिघडला तेव्हा दुरुस्तीवाल्याने सगळं पुसून नव्याने टाकून दिलं. फोटो आधी काढून ठेवले होते त्याने, तक्रार नाही. पण फ्रीसेलमधे किती डाव जिंकले, किती हरले, लागोपाठ किती जिंकले हा हिशोब असायचा तो शून्य झाला. मी शोधलं तर कळलं की त्याची वेगळी फाइलच नसते, ते रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या आतल्या नोंदवहीत लिहिलेलं असतं. फोल्डर कॉपी करून ते येणारच नव्हतं. मला फार वाईट वाटलं, वर्षानुवर्षांचं होतं. बाबांना सांगायची हिंमत होईना.

सांगितलं तर म्हणाले, "आकडा गेला तर जाऊ दे, वही आहे ना."

वही म्हणजे जमाखर्चाची लाल वही. फ्रीसेलच्या प्रत्येक डावाला नंबर असतो, 1 पासून 10 लाखांपर्यंत. नंबर टाकला की तोच डाव पडतो, कुठल्याही मशीनवर. बाबा पहिल्या डावापासून ओळीने खेळत होते. सुटला की बरोबरची खूण, अडला की गोल. गोलावर परत यायचं. पुढे घरी विंडोज 7 आलं तरी तेच नंबर तेच पत्ते, त्यामुळे काही हलवायची गरजच पडली नाही. बाबा वही घेऊन बसले आणि पुढचा नंबर टाकला.

जुन्या फ्रीसेलमधे 32,000 डाव होते. 1990 च्या दशकात इंटरनेटवरच्या लोकांनी ते आपसात वाटून घेऊन सोडवले, शेवटी एकच सुटला नाही, 11982. बाबा त्या नंबरच्या जवळ आले तेव्हा मी बोलले, बाबा हा सुटत नाही म्हणतात. तर, "कोण म्हणतं? वर्गात पण म्हणायचे पोरं, गणित चुकलंय सर." बसले त्यावर. गोल केला. त्या गोलाला आणखी एक गोल आहे.

यावल_नाका
ताई _/\_ सरांना नमस्कार सांगा

भुसावळ_प्लॅटफॉर्म_3
हा सगळ्यात भारी बॅकअप. वहीला व्हायरस लागत नाही.

ताप्ती_टायपिंग
@भुसावळ_प्लॅटफॉर्म_3 वाळवी लागते. डांबराच्या गोळ्या ठेवल्यात.

जळगाव_दुरुस्ती
मी दुरुस्तीवालाच आहे, जळगावात. वरचं वाचून लिहावंसं वाटलं.

गिऱ्हाईक येतं तेव्हा म्हणतं फोटो ठेवा, टॅली ठेवा. गेमचं कोणी सांगत नाही. बाप घेऊन आलेला असतो आणि पोरगं मागे उभं असतं, बोलत नाही. मी आता स्वतःच विचारतो, "काय खेळतोस?" पोरगं बापाकडे बघतं. मग हळूच नाव सांगतं.

सी ड्राइव्हमधलं यूजर्सचं आख्खं फोल्डर उचलायचं हा माझा नियम. गेमवाल्यांनी प्रत्येकाने वेगळीकडे ठेवलंय. जीटीए, मोस्ट वाँटेड डॉक्युमेंट्समधे. अंडरग्राउंड 2 अ‍ॅपडेटाच्या लोकलमधे. माइनक्राफ्ट अ‍ॅपडेटाच्याच रोमिंगमधे. विचर 3 परत डॉक्युमेंट्समधे. सायबरपंक सेव्हड गेम्स नावाच्या तिसऱ्याच फोल्डरमधे. आणि अ‍ॅपडेटा लपवलेलं असतं, व्ह्यूमधे जाऊन हिडन चालू केल्याशिवाय दिसत नाही, म्हणून लोकांना वाटतं नाहीच.

जुन्या गेमची अजून एक गंमत. एज ऑफ एम्पायर्स 2 सारखे 1999-2000 चे गेम सेव्ह स्वतःच्याच फोल्डरमधे, म्हणजे प्रोग्रॅम फाइल्समधे लिहायचे. व्हिस्टापासून विंडोजने तिथे लिहायला मनाई केली. पण गेम बंद पडू नये म्हणून ती फाइल गुपचूप व्हर्च्युअलस्टोअर नावाच्या जागी वळवते. गेमला वाटतं आपण घरातच ठेवलं. तुम्ही गेमचं फोल्डर कॉपी करून नेता आणि सेव्ह मागेच राहतं. लोकलमधे व्हर्च्युअलस्टोअर शोधा, बऱ्याचदा तिथे सापडतं.

आणि हल्लीचं. नव्या लॅपटॉपवर वनड्राइव्ह चालू असलं तर डॉक्युमेंट्स दोन होतात, एक साधं, एक वनड्राइव्हच्या पोटात. सेव्ह एकात टाकलं आणि गेम दुसऱ्यात बघतोय असं रोज एक तरी येतं माझ्याकडे.

11 वर अपग्रेड केलं असेल आणि काही सापडत नसेल तर सीमधे विंडोज डॉट ओल्ड बघा. 10 दिवसांत ते आपोआप उडतं, म्हणून आजच बघा.

कांदेबाग
@जळगाव_दुरुस्ती भाऊ हे वनड्राइव्हचं मला दोन तास आधी सांगितलं असतं तर चहा पाजला असता

जळगाव_दुरुस्ती
आता पाजा. उन्हाळा सुरू होऊ द्या, मग मला फुरसत नाही. 45 च्या वर गेलं की मशीन आपोआप बंद पडतात. लोक व्हायरस समजून येतात, आत धूळ आणि फॅनला कापूस.

शिरपूर_शेवभाजी
कापूस खरंच! आमच्याकडे खोलीत वेचणीचा कापूस भरलेला असायचा नि कॉम्प्युटर पण त्याच खोलीत. कॅबिनेटचं एका बाजूचं झाकण काढून टेबलफॅन लावायचो. आई म्हणायची त्याला एवढा पंखा, नि गच्चीवर बिबडे घालतेय तिला नाही.

पारोळा_वेस
पोराचं माइनक्राफ्ट. त्याने फोनवर पारोळ्याचा भुईकोट बांधला, खंदक पण केला, त्यात पाणी सोडलं. नवा पीसी घेतला, म्हटलं ह्यावर आण. पीसीवर जावा टाकलेलं, फोनवरचं बेडरॉक. ही दोन्ही एकमेकांचं जग उघडतच नाहीत. भाऊबंद आहेत पण सामाईक बांध नाही. दोन दिवस घरात सुतक.

शेवटी पीसीवर पण बेडरॉकच घेतलं. फोनवरून जग एक्स्पोर्ट केलं, फाइल मला पाठवली, पीसीवर डबल क्लिक केलं, उघडलं. खंदकात मासे होते, ते पण आले. आता शहाद्याच्या मावसभावाला पाठवलंय, त्याने तटावर डिस्को लाइट लावलेत. इतिहासाच्या सरांना दाखवू नका.

यावल_नाका
पबजीवाले कोणी नाहीत का इथे? 2 सप्टेंबर 2020 ला बंदी आली. 2021 ला बीजीएमआय (पबजीचाच भारतातला अवतार) आला तेव्हा जुन्या खात्यावरचा माल हलवायची सोय दिली होती. माझं फेसबुकला जोडलेलं होतं, सगळं आलं, स्किन बिन. मावसभाऊ गेस्ट म्हणून खेळायचा आणि बंदीनंतर फोन पण विकला. त्याचं काहीच नाही आलं. अजून लग्नकार्यात भेटला की तोच विषय. परवा हळदीत पण काढला.

रावेरची_सून
हळद कोणाची? आशाची का?

यावल_नाका
नाही वो, तिची मार्चमधे. ही फैजपूरची.

अमळनेर_माहेर
आमच्या दादाचा क्रिकेट 07 गेम. दादा भरतीची तयारी करत होता, पहाटे धावायचा आणि दुपारी हे. त्याने रोस्टरमधे, म्हणजे खेळाडूंच्या यादीत आपल्या आळीतले सगळे टाकले होते. एका टीमचे अकराच्या अकरा बदलले. किराणावाला ओपनिंगला. शेजारचे जिभाऊ फास्ट बॉलर, जिभाऊंचं वय तेव्हा साठ. मी बारावी. बाराव्या खेळाडूला काय काम असतं म्हटलं तर पाणी आण म्हणाला.

तो निवडला गेला, गेला. मी तो फोल्डर आधी पेनड्राइव्हवर घेतला, तेव्हा सगळ्या पेनड्राइव्हवर शॉर्टकटचा व्हायरस, म्हणून झिप करून मेलवर पण टाकून ठेवला. लग्नानंतर ह्यांच्या लॅपटॉपवर. मग ह्यांनी तो बदलला, परत नेला. गेम नसला तरी फोल्डर नेतेच. सासूबाई विचारतात कसली फाइल, मी म्हणते माहेरची.

दादा सुट्टीवर आला की लावतो. जिभाऊ आता नाहीत पण त्यांची बॉलिंग चालू आहे, यॉर्कर टाकतात. त्यांचा आंडोर (मुलगा) बघायला येतो.

शिरपूर_शेवभाजी
ताई बाराव्या खेळाडूला आता प्रमोशन द्यायला सांगा

अमळनेर_माहेर
सांगितलं. म्हणे नंतर बघू, अजून फॉर्म नाही.

धुळे_पांझरा
@कांदेबाग आप्पांनी लावली का बाग मग?

कांदेबाग
@धुळे_पांझरा लावली. नातीने त्यांना वेगळं शेत काढून दिलं. केळीचं रोप सुरुवातीला मिळतच नाही, ते पुढे बेटावर गेल्यावर मिळतं, हे कळल्यावर आप्पा नाराज. सध्या बटाटे. आणि त्या गेममधे झोपल्याशिवाय सेव्ह होत नाही. काल मधेच लॅपटॉप मिटला, दिवसाचं काम गेलं. म्हणे "मजूर बरा, सांजले हजेरी तरी लागस."

वरणगाव_फाटा
उशिरा आलो, सगळं वाचलं नाही. एल्डन रिंगचं सेव्ह भावाच्या लॅपटॉपवर टाकलं, त्याच्या स्टीमवर दिसत नाही. अ‍ॅपडेटामधे बरोबर जागी टाकलंय. काय करू?

जळगाव_दुरुस्ती
@वरणगाव_फाटा ते स्टीम आयडीला बांधलेलं असतं. आत आकड्यांचं फोल्डर दिसेल, तो तुझा आयडी. भावाच्या खात्यावर नुसतं कॉपी करून नाही चालणार. त्याच्या लॅपटॉपवर तुझ्या खात्याने लॉग-इन हो, क्लाउडवरून येईल.

वरणगाव_फाटा
तो त्याच्या लॅपटॉपवर मला लॉग-इन करू देणार नाही

जळगाव_दुरुस्ती
मग हा माझ्या दुकानाचा विषय नाही, काकूंना मधे घाल

रावेरची_सून
ते आपल्या भरीत पार्टीचं ठरलं का कोणाचं? वांगी बामणोदची मिळतायत आता, ह्या रविवारी कोण कोण येतंय सांगा, भाकरीसाठी कळणा दळायला टाकायचाय