मदत हवी आहे: पॉलिन ब्लॅकवर १० मिनिटांत बोलायचंय

आमच्या वाचनकट्ट्यावर 'द सिलेक्टर' या ब्रिटिश स्का बँडची गायिका पॉलिन ब्लॅक हिच्याबद्दल बोलायचंय. श्रोते साठीच्या पुढचे, नाट्यसंगीतात मुरलेले. स्का (जमैकातून आलेला संगीतप्रकार) हा शब्दही त्यांनी ऐकलेला नाही. पडदा-प्रोजेक्टर नाही, फोनवरून एखादी मिनिटभराची क्लिप वाजवता येईल.

साहित्य भरपूर आहे. इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्री शहरातल्या हॉस्पिटलात रेडिओग्राफर (एक्स-रे काढणारी), १९७९ मध्ये बँड, 'ऑन माय रेडिओ' हे गाणं, मग रंगभूमी. अमेरिकन जॅझ गायिका बिली हॉलिडे हिच्या भूमिकेसाठी लंडनच्या 'टाइम आउट' मासिकाचा १९९१ चा पुरस्कार. तिचं आत्मचरित्रही वाचून झालंय, तेव्हा पुस्तकं सुचवू नका.

अडलंय ते इथे: घरी सराव करताना मी 'आपल्या गायक-नटांसारखीच' म्हणून सुरुवात केली, तर आई म्हणाली, "म्हणजे नाटकात गायची?" सगळंच उलटं! ती आधी बँडची, अभिनय नंतर आला. दुसऱ्यांदा ठेक्यापासून सुरुवात केली: दोन मात्रांच्या मधे गिटारचा खटका, जमैकातून आलेला. त्यात चार मिनिटं गेली आणि बाबा पेंगले.

ज्यांनी अशा श्रोत्यांपुढे पाश्चात्य संगीतावर बोललंय त्यांना विचारतो: स्काचा खटका टाळी वाजवून अर्ध्या मिनिटात कसा समजावाल, आणि तो आधी घ्यावा की अभिनयाचा भाग झाल्यावर?